शाहीर साबळे आणि गावाची लोकधारा

(जीर्णोद्धार सोहळ्यात झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मंदिराच्या जीर्णोद्धाराच्या सोहळ्यात एका शाहिराचे चरित्र कशासाठी, असा प्रश्न काहींच्या मनात येणे साहजिक आहे. कीर्तन व्हावे, प्रवचन व्हावे, हे ठीक. पण डफ-तुणतुण्यावर उभे आयुष्य काढलेल्या माणसाचे नाव येथे का घ्यावे?

त्याचे उत्तर असे की, कोणतेही देऊळ दोन गोष्टींवर उभे असते. पहिली गोष्ट म्हणजे दगड, विटा, सिमेंट, गवंड्याचा हात आणि गावाची वर्गणी. तिचा हिशेब मांडता येतो, पावती फाडता येते. दुसरी गोष्ट जमाखर्चाच्या वहीत बसत नाही. पहाटे काकडा म्हणणारा कंठ, पालखीपुढे घुमणारी हलगी, जागरणातील वाघ्याची दिमडी, गोंधळ्याचे संबळ, सनईवाल्याचा श्वास, जात्यावर देवाचे नाव घेणारी घरची म्हातारी, यांच्यामुळे देवळाला देऊळपण येते. पहिल्या गोष्टीचा जीर्णोद्धार येथे उत्तम झाला. दुसऱ्या गोष्टीचा जीर्णोद्धार कसा करावा, हे ज्यांच्या आयुष्यावरून शिकता येते, असे एक थोर कलावंत शेजारच्या सातारा जिल्ह्यात होऊन गेले. ते म्हणजे शाहीर कृष्णराव गणपतराव साबळे.

शाहीर साबळे यांचा जन्म ३ सप्टेंबर १९२३ रोजी वाई तालुक्यातील पसरणी या गावी झाला. वाईहून पाचगणीकडे जाणारा घाट ज्या गावाच्या नावाने ओळखला जातो, तेच हे पसरणी. कृष्णेच्या खोऱ्यातील या भागात भजन, भारूड, तमाशा, जत्रा यांना तोटा नव्हता. शाळेसाठी त्यांना लहानपणी खानदेशात अमळनेरला आजोळी धाडण्यात आले. तेथे त्यांना साने गुरुजींचा सहवास लाभला. शिक्षण फार झाले नाही, पण गळा होता आणि गुरुजींच्या रूपाने दिशा मिळाली. मोठी पदवी नाही, घरची श्रीमंती नाही, तरी हा मुलगा पुढे महाराष्ट्राचा आवाज झाला, ही गोष्ट येथे बसलेल्या शाळकरी मुलांनी ध्यानात ठेवावी.

साने गुरुजींनी त्यांना शिकविलेली पहिली मोठी गोष्ट देवळाशीच संबंधित होती, म्हणून ती आज सांगणे अगत्याचे आहे. पसरणीच्या भैरवनाथ मंदिरात दलित बांधवांना प्रवेश मिळावा म्हणून तरुण साबळ्यांनी पुढाकार घेतला आणि त्या कार्याला साने गुरुजींचा आशीर्वाद लाभला. आज ही गोष्ट दोन ओळींत सांगता येते. त्या काळी मात्र आपल्याच गावात, आपल्याच भावकीसमोर उभे राहून असे काही बोलणे म्हणजे पाणी-पानसुपारी बंद होण्याची तयारी ठेवणे होते. परक्या गावात जाऊन पोवाडा गाणे सोपे असते. स्वतःच्या गावच्या पारावर सत्य सांगणे अवघड असते.

त्याच सुमारास पंढरपूरचा प्रश्न उभा राहिला. विठ्ठल सर्वांचा, पण त्याच्या पायांवर डोके ठेवण्याची मोकळीक सर्वांना नव्हती. साने गुरुजींनी आधी महाराष्ट्रभर दौरा करून लोकमत जागे केले आणि १ मे १९४७ रोजी पंढरपुरात तनपुरे महाराजांच्या मठात प्राणांतिक उपोषण आरंभिले. ते १० मे रोजी सुटले आणि मंदिर सर्वांना खुले होण्याचा मार्ग मोकळा झाला. त्या दौऱ्यात भाषणांच्या जोडीला कलापथकांची गाणी होती. भाषण ऐकून मान डोलावणारा माणूस घरी जाऊन विसरतो, पण गाणे ऐकलेला माणूस ते दुसऱ्या दिवशी मोटेवर गुणगुणतो. हे बळ साबळ्यांनी त्या काळात ओळखले आणि जन्मभर वापरले.

सणसरकरांना पंढरीची वाट नवी नाही. जगद्गुरू तुकाराम महाराजांची पालखी बारामतीचा मुक्काम आटोपून काटेवाडीमार्गे येथे मुक्कामाला येते आणि दुसऱ्या दिवशी बेलवाडीच्या गोल रिंगणाकडे जाते. काटेवाडीत परीट समाजाचे बांधव पालखीसाठी धोतरांच्या पायघड्या घालतात. तेथेच धनगर बांधवांच्या मेंढ्या पालखीभोवती रिंगण धरतात. धोतर परिटाचे, मेंढी धनगराची, वीणा वारकऱ्याची आणि भाकरी घराघरातली. यातले एक जरी काढले तरी त्या दिवसाची शोभा उणी होईल. प्रत्येकाने आपल्या हातातली कला देवापुढे ठेवायची आणि त्यातून सर्वांचा एक सोहळा उभा राहायचा, हीच साबळ्यांच्या कामाचीही रीत होती. फरक इतकाच की त्यांनी ती रंगमंचावर नेली.

साबळे यांना नुसते गायक म्हणणे अपुरे होईल. ते शाहीर होते, नट होते, नाटककार होते, दिग्दर्शक होते, आणि अनेकांना एकत्र बांधून ठेवणारे पार्टीचे मालकही होते. 'शाहीर साबळे आणि पार्टी' या नावाने त्यांनी स्वातंत्र्य चळवळीपासून संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यापर्यंत गावोगाव आणि मुंबईच्या गिरणगावात कार्यक्रम केले. तो काळच शाहिरांचा होता. वाटेगावचे अण्णा भाऊ साठे, बार्शीचे अमर शेख, त्यांचे सहकारी गवाणकर यांनीही तेव्हा लाखोंच्या सभा डफावर पेलल्या. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. कवी राजा बढे यांनी लिहिलेले आणि श्रीनिवास खळे यांनी चाल लावलेले महाराष्ट्रगीत साबळ्यांच्या खड्या आवाजात घरोघरी पोचले. हेच गीत २०२३ साली महाराष्ट्र शासनाने राज्यगीत म्हणून स्वीकारले. आज शाळेच्या मैदानात मुले ज्या गीतासाठी उभी राहतात, ते लोकांच्या कानात बसविणारा आवाज पसरणीच्या या सुपुत्राचा होता.

राज्य मिळाले म्हणून शाहिराचे काम संपले नाही. तमाशात गण, गवळण, बतावणी आणि वग असा क्रम असतो. त्यातील मोकळेपणा, हजरजबाबीपणा आणि विनोद घेऊन साबळ्यांनी मुक्तनाट्ये रंगविली. १९६० साली 'यमराज्यात एक रात्र' आले. पुढे मुंबईतील मराठी माणसाच्या गाऱ्हाण्यावर 'आंधळं दळतंय' आले. या नाटकाचे नाव एका जुन्या म्हणीवरून आहे, आणि ती म्हण पुरी करायला येथे कोणाला सांगावे लागणार नाही. मध्यमवर्गातील जे लोक तमाशाचे नाव काढताच नाक मुरडत, ते बायका-मुलांसह मुक्तनाट्याला येऊ लागले. खेड्यातील कलेला शहरात मान मिळाला तो असा.

या कामात ते एकटे नव्हते. त्यांच्या पत्नी भानुमती साबळे कवयित्री होत्या आणि त्यांनी रचलेली गाणी पार्टीने गाइली. पुत्र देवदत्त साबळे संगीतकार झाले, कन्या चारुशीला नृत्य-अभिनयात पुढे आल्या. पार्टीतील ढोलकीवाला, सुरत्या, सोंगाड्या, नाचणारी मुले-मुली ही सारी मिळून एक कुटुंबच होते. शाहिराच्या नावाला टाळी मिळते, पण मागे झीलकरी नसेल तर पोवाडा उभाच राहत नाही, हे जाणणारा तो शाहीर होता.

त्यांचे सर्वांत मोठे काम म्हणजे 'महाराष्ट्राची लोकधारा'. वासुदेव, गोंधळी, वाघ्या-मुरळी, कोळी, धनगर, कोकणातले बाल्ये, मंगळागौरीच्या पोरीबाळी, लावणी, भारूड, हे सारे त्यांनी एका कार्यक्रमात, एका माळेत ओवले. देशावरच्या प्रेक्षकाने कोळ्याचा नाच पाहिला आणि कोकणातल्या प्रेक्षकाने खंडोबाचे जागरण ऐकले. आपल्याच राज्यातील माणसे आपल्याला किती कमी ठाऊक होती, हे लोकांच्या ध्यानी आले. महाराष्ट्र म्हणजे नकाशावरची रेघ नव्हे, ही इतक्या जणांनी मिळून चालविलेली दिंडी आहे, ही जाणीव त्या कार्यक्रमाने दिली.

या कामाचे मूळ मात्र साबळ्यांच्याही फार आधीचे आहे. पैठणचे संत एकनाथ सोळाव्या शतकात होऊन गेले. त्यांनी आपल्या भारुडांत वासुदेवाला बोलते केले, जोशाला बोलते केले, गोंधळ्याला बोलते केले, आंधळ्या-मुक्याला बोलते केले आणि जोहार घालणाऱ्या महारालाही बोलते केले. गावाच्या कडेला उभ्या असलेल्या प्रत्येकाच्या तोंडी त्यांनी परमार्थ घातला. नाथांचे विंचवाचे भारूड साबळ्यांनी गाइले तेव्हा लोक पोट धरून हसले आणि हसता हसता काम-क्रोधाचा विंचू आपल्यालाही चावला आहे, हे उमजून गप्पही झाले. चारशे वर्षांपूर्वीचे गाणे पुन्हा ताजे करणे, हाही एक जीर्णोद्धारच होय.

येथे एक महत्त्वाचा प्रश्न उभा राहतो. ही कला कोणाची? महसुली भाषेत विचारायचे तर, या कलेच्या सात-बारावर कब्जेदार म्हणून नाव कोणाचे? वासुदेवाची टोपी साबळ्यांनी निर्माण केली नाही. संबळावरचा गोंधळ त्यांनी रचला नाही. ही वडिलोपार्जित मिळकत त्या त्या समाजाची आणि गावाची सामाईक आहे. कलावंत तिचा वहिवाटदार असतो. त्याने ती कसावी, पीक काढावे, पण मूळ मालकाचे नाव पुसू नये. साबळ्यांनी लोकधारेला स्वतःचे नाव न देता महाराष्ट्राचे नाव दिले, यातच त्यांचे मोठेपण दिसते.

तरीही एक गोष्ट मोकळेपणाने बोलली पाहिजे. रात्रभर चालणारा गोंधळ रंगमंचावर दहा मिनिटांत बसवावा लागतो. देवीपुढे नवस फेडणारा माणूस तेथे नसतो, तिकीट काढलेला प्रेक्षक असतो. दिव्याची ज्योत जाते आणि विजेचा झोत येतो. म्हणून काही जाणकार म्हणतात की, मंचावर गेलेली लोककला ही लोककलेचे छायाचित्र होय. या म्हणण्यात तथ्य आहे. पण ज्या घरात आजोबांचे छायाचित्रदेखील नसते, तेथील नातवंडांना आजोबांचा चेहरा कधीच कळत नाही. गावे ओस पडून माणसे मुंबई-पुण्याला गेली, त्यांच्या मुलांना लोकधारेने निदान चेहरा दाखविला. त्या कार्यक्रमात उमेदवारी केलेले केदार शिंदे, अंकुश चौधरी, भरत जाधव यांच्यासारखे कलावंत पुढे नाट्य-चित्रपटात नावारूपाला आले. केदार शिंदे हे तर शाहिरांचे नातू. २०२३ साली, शाहिरांच्या जन्मशताब्दीच्या वर्षात, त्यांनी 'महाराष्ट्र शाहीर' हा चित्रपट काढला.

छायाचित्र सांभाळण्याचे काम शहराने केले. पण मूळ माणूस जिवंत ठेवण्याचे काम शहर करू शकत नाही. ते गावालाच करावे लागते, आणि त्याची जागा म्हणजे देवळाचे हे अंगण.

आजची स्थिती काय आहे? वासुदेव मुलांना ठाऊक असतो तो शाळेच्या स्नेहसंमेलनातल्या पुठ्ठ्याच्या टोपीमुळे. मिरवणुकीत हलगीवाल्याला ठरविताना पन्नास रुपयांसाठी घासाघीस होते, आणि छाती दणाणणाऱ्या भिंतींएवढ्या कर्ण्यांसाठी हजारो रुपये बिनतक्रार मोजले जातात. वाघ्याचा मुलगा दिमडी हातात घ्यायला लाजतो, कारण दिमडीला मान उरलेला नाही. दोष त्या मुलाचा नाही. ज्याला मान नाही ते कोणी शिकत नाही.

माताभगिनींचे धन तर याहून वेगाने गेले. गावात पिठाची गिरणी आली, कष्ट वाचले, हे चांगलेच झाले. पण जाते थांबले तशी ओवीही थांबली. पुण्याचे गी पॉयटविन आणि हेमा राईरकर यांनी सहकाऱ्यांसह खेडोपाडी फिरून अशा ओव्या गोळा केल्या. अकराशेहून अधिक गावांतील तीन हजारांहून अधिक स्त्रियांकडून एक लाखाच्या वर ओव्या जमल्या. एवढी मोठी गाथा, आणि ती रचणाऱ्या बहुतेकींना लिहिता-वाचता येत नव्हते! सणसर परिसरातही अशा ओव्या पाठ असलेल्या आजीबाई असतील. त्यांच्याजवळ बसून त्या उतरवून घेण्यास वर्गणी लागत नाही. एक वही, एक पेन आणि शाळेत जाणारे एक नातवंड पुरते. आता तर खिशातल्या फोनवर आवाजही धरून ठेवता येतो.

शाहीर साबळे यांना १९८४ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि १९९८ साली पद्मश्री. परंतु पुरस्कार मिळालेल्या कलावंताने न मिळालेल्या कलावंतांना विसरायचे नसते. वृद्ध आणि निराधार लोककलावंतांना आधार मिळावा, म्हणून त्यांनी आपल्या प्रतिष्ठानामार्फत खटपट केली. ज्याने जन्मभर लोकांना हसविले, त्याला म्हातारपणी दारोदार फिरावे लागू नये, एवढीच त्यांची इच्छा. २० मार्च २०१५ रोजी मुंबईत त्यांचे देहावसान झाले. तेव्हा ते एक्याण्णव वर्षांचे होते.

त्यांच्या चरित्रातून या गावाने काय घ्यावे? तीन गोष्टी घेता येतील, आणि तिन्ही आवाक्यातल्या आहेत.

पहिली गोष्ट म्हणजे नोंद. देणगीदारांची नावे शिळेवर कोरली जातात, ते योग्यच आहे. त्याच जोडीने देवस्थानाने एक नोंदवही ठेवावी. गावात कोण हलगी वाजवितो, कोण सनई, कोणाला भारूड येते, कोण गजीत उतरतो, कोणाला ओव्या पाठ आहेत, ती विद्या त्याने कोणाकडून घेतली आणि पुढे कोण शिकतो आहे, हे त्यात लिहावे. ऊस तोडणीच्या दिवसांत बीड आणि अन्य जिल्ह्यांतून माणसे भवानीनगरच्या कारखान्यासाठी येथे येतात, कोप्या घालून राहतात. त्यांच्यातही भजन म्हणणारे, ढोलकी वाजविणारे असतात. सहा महिने या मातीत घाम गाळणाऱ्यांची नावेही त्या वहीत असावीत. ज्याची नोंद नाही त्याचा हक्क शाबीत करणे किती जड जाते, हे शेतीचा बांध कोरला गेलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे.

दुसरी गोष्ट म्हणजे शासनाचे मानधन. ज्येष्ठ साहित्यिक व कलावंतांसाठी राज्य शासनाची मानधन योजना फार जुनी आहे. आता तिला राजर्षी शाहू महाराजांचे नाव असून २०२४ पासून दरमहा ५,००० रुपये मिळतात. वयाची ५० वर्षे पुरी झालेली असावीत आणि कलेच्या क्षेत्रात निदान १५ वर्षे काम केलेले असावे, अशा तिच्या मुख्य अटी आहेत. कलावंताजवळ कला असते, कागद नसतो. कार्यक्रमाचे पत्रक नाही, दाखला नाही, म्हणून खरा माणूस बाजूला राहतो आणि कागद जमविणारा पुढे जातो. गावातील शिकलेल्या तरुणांनी अशा एकेका वृद्धाला हाताशी धरून त्याचा अर्ज पुरा करावा. देवस्थानाची नोंदवही त्या वेळी उपयोगी पडेल. यात मिळणारे पुण्य अभिषेकापेक्षा कमी नाही.

तिसरी गोष्ट म्हणजे दिवस नेमून देणे. जत्रेच्या रात्री, पालखीच्या मुक्कामाला, नवरात्रात आणि चंपाषष्ठीला या अंगणात कोणती सेवा कोणाची, हे ठरवून द्यावे. बोलावणे सन्मानाने जावे, बिदागी आधी ठरावी आणि हातात नारळ देताना नाव पुकारले जावे. आणि ते नाव कोणत्या वस्तीतले आहे, हे पाहिले जाऊ नये. पसरणीच्या भैरवनाथापुढे एका तरुण शाहिराने जे दार उघडण्यासाठी कंबर कसली, ते दार गावोगाव नुसते उघडून भागत नाही. आत आलेल्याला सोहळ्यात जागाही असावी लागते. दर्शनाची रांग सर्वांना एक आणि मानकरी मात्र ठरावीक घरचे, असे झाले तर जीर्णोद्धार अर्धाच राहिला म्हणायचा.

गाव करील ते राव काय करील, अशी आपल्याकडे म्हण आहे. येथल्या ग्रामस्थांनी ती बांधकामात खरी करून दाखविली. कोणी रोख दिली, कोणी धान्य, कोणी बैलगाडी-ट्रॅक्टर, कोणी नुसते अंगमेहनतीचे दिवस. तीच एकी आता कंठाच्या, हाताच्या आणि पायाच्या कलेसाठी दिसावी. कळसाला सोन्याचा मुलामा पुन्हा देता येतो. पण संबळ वाजविणारा शेवटचा हात थंडावला तर तो ठेका कोणत्याही दुकानात विकत मिळत नाही.

ग्रामदैवताच्या कृपेने या अंगणातील प्रत्येक वाद्य वाजते राहो, आणि ते वाजविणाऱ्या प्रत्येकाच्या घरची चूल पेटती राहो, हीच प्रार्थना.

जय हिंद! जय महाराष्ट्र!